उसना गळा

मोबाइलवरचा प्रसंग संपला आणि म्हाताऱ्यानं तर्जनी वर केली. झालं ते एवढंच. वृंदाला वाटलं, पाणी हवंय. ती पेल्याकडे हात नेणार तोच त्यानं ते बोट मोबाइलकडे वळवलं, मग स्वतःच्या गळ्याशी आणलं आणि हवेत डावीउजवीकडे हलवलं. पाऊस थांबल्यावरही गाडीचा वायपर चालू राहावा तसं, सावकाश, कुणाला दोष न देता. ‘मी नाही,’ तो त्याच्या मोडक्या इंग्रजीत म्हणाला. ‘तोंड माझं. आवाज दामियानचा.’ आणि हवामानाबद्दल काही सांगून झालं असावं तसा खिडकीबाहेर पाहू लागला. बाहेर आयर्लंडमधलं एप्रिलचं कासलबार होतं, भिजून वाळलेलं आणि पुन्हा भिजायच्या तयारीत असलेलं. शेजारच्या धुराड्यातून जळत्या पीटचा, दलदलीतून खणून वाळवलेल्या मातीचा, वास येत होता. वृंदाच्या हातात मोबाइल तसाच राहिला. पडद्यावर तिच्या समोरचाच माणूस, पन्नास वर्षांनी तरुण, दाराच्या फटीत नाक अडकवून थांबला होता.

बार्रांको त्याचं आडनाव. एउसेबियो बार्रांको. पण स्पेनमधल्या एका अख्ख्या पिढीसाठी तो नुसता सेबी. नायक तो कधीच नव्हता. नायकाच्या बॅगा उचलताना त्यांच्याखाली दिसेनासा होणारा हमाल, लग्नात घाबरून अंगठी गिळून बसणारा मित्र, दार उघडलं की दारामागं चेपला जाणारा कुणीतरी. पुढं अमेरिकेच्या बंदूकबाजांचे सिनेमे स्पेनच्या दक्षिणेकडच्या वाळवंटात निघू लागले, तेव्हा त्यातही तो होता. गोळी नेहमी ज्याच्या टोपीला लागते तो प्रेतं पुरणारा माणूस. त्याचं इंग्रजी तिथलंच. म्हणूनच तोंडावर पारदर्शक ढाल आणि गळ्यात ओळखपत्र अडकवून आलेल्या वृंदाला त्यानं पहिल्याच दिवशी ‘शेरीफ’ म्हणून टाकलं, आणि मग तेच राहिलं. मागच्या वर्षी थंडी सरता सरता तो लेकीकडे चार दिवसांसाठी म्हणून आला आणि करोनामुळं विमानं थांबली. शरद ऋतूत एका सकाळी चहाचा कप त्याच्या हातातून पडला. पडला तोही इतक्या बरोबर वेळेला, लेक सांगायची, की ती आधी हसली होती. पक्षाघात. उजवा हात हळूहळू परतला, भाषाही डोक्यात शाबूत होती, पण जीभ जड आणि आवाज निसटता. जानेवारीत आरोग्यसेवेनं वाचोपचारासाठी वृंदाला धाडलं. तेव्हापासून दर आठवड्याला ती त्याच्या समोरच्या खुर्चीत बसत आली होती. मध्ये दोन हातांचं अंतर आणि उघडी खिडकी.

चूक साधीच होती. पहिल्या दिवशी तिनं त्याचा आवाज ऐकला तो बारीक, नाकातून येणारा, शब्दांची शेपटं गिळणारा. ती मनात म्हणाली, झटक्यानं आवाजाची तळजमीनच काढून घेतलीय. मग घरी जाऊन तिनं त्याचे जुने प्रसंग शोधले, आणि त्यांतून जो आवाज निघाला त्यानं ती सुखावली. खोल, सुस्त, तुपात बुडवून काढल्यासारखा. त्या काटकुळ्या देहातून तो ढेरपोट्या आवाज निघे आणि चित्रपटगृहातली माणसं हसून लोटपोट होत. वृंदानं ठरवून टाकलं, याला इथवर परत न्यायचं. ‘खाली, मिस्टर बार्रांको. छातीतून. आणखी खाली.’ आणि म्हातारा उतरत गेला, विहिरीच्या पायऱ्या उतराव्यात तसा, भिंतीला हात लावत, आठवड्यामागून आठवडा. मार्चमध्ये तो इतका खाली पोचला, की वृंदाच्या अंगावर काटा आला. ती गाडीत बसून स्वतःशीच हसली होती. गाणं पडद्यावरच्या बाईचं नसतं, पार्श्वगायिकेचं असतं, हे तिच्या मुलखात शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण बोलणं? बोलण्याची शंका तिला स्वप्नातही आली नसती. आणि सांगणारं घरात कुणी नव्हतं. लेक इनेस वेस्टपोर्टच्या औषधांच्या कारखान्यात पाळीवर, जावई ट्रक घेऊन रस्त्यावर.

‘मग तुम्ही सांगितलं का नाही?’ तिनं विचारलं.

‘शेरीफ, आवाज नेहमी दुसरंच कुणीतरी निवडतं,’ तो म्हणाला. हे त्यानं दामियानच्या आवाजात सुरू केलं, मध्येच घसरला आणि बारीक आवाजात संपवलं. ‘मला वाटलं, तुम्हालाही तोच आवडला.’

मग त्यानं, थांबत, श्वास घेत, कधी हातांनी तर कधी मोबाइलवरच्या भाषांतराला कामाला लावून सांगितलं. तो ग्रानाडाच्या डोंगरातल्या एका खेड्यातला. तिथं माणसं शब्दाचा शेवट तोंडातच ठेवतात, उद्यासाठी. पहिल्या सिनेमाच्या वेळी निर्मात्यानं त्याचा चेहरा पाहून टाळ्या वाजवल्या आणि तोंड उघडल्यावर म्हणाला, हा तर कोंबडीचोर बोलतोय. त्या काळी तिथं सगळे सिनेमे आधी मुकेच घेत आणि बोलणं मागून चिकटवत. तेव्हा माद्रिदच्या एका अंधाऱ्या खोलीत दामियान नावाचा एक जाडा, दमेकरी गृहस्थ माइकपुढं उभा राहिला, आणि पुढची वीसबावीस वर्षं सेबी जे जे म्हणाला ते त्यानं म्हटलं. ‘एकदा आम्ही दोघं कॉफी प्यायला गेलो,’ म्हातारा म्हणाला. त्याच्या डोळ्यांच्या कडांना आता सुरकुत्यांचे पंखे उघडले होते. ‘वेटर पाठमोरा. दामियान म्हणाला, एक कॉफी, दुधाची. वेटर वळला, धावत आला, कॉफी माझ्यापुढं ठेवली. म्हणाला, सेबीसाहेब, घरचंच समजा. दामियानला विचारलंसुद्धा नाही.’

‘मग?’

‘मग मी प्यायलो. काय करणार? गरम होती.’

गाडी तळ्याकाठच्या रस्त्यानं जात होती आणि वृंदाला हसू येत नव्हतं. तळ्यात बदकं होती, काठावर मास्क हनुवटीला लावून चालणारी माणसं होती, सगळं नेहमीसारखंच होतं. पुण्याच्या वसतिगृहातली खोली तिला आठवली, लोखंडी खाटा, दोरीवरचे ओले टॉवेल. विदर्भातल्या दारव्ह्याहून आलेली वृंदा पहिल्याच सकाळी म्हणाली होती, ‘मले थोडं गरम पाणी देता का?’ आणि शोभना नावाची एक गोरीघारी मुलगी उशीत तोंड खुपसून हसली होती. वाईट नव्हती शोभना. पुढं तीच जिवाभावाची मैत्रीण झाली. पण त्या दिवसापासून वृंदानं ‘मले’, ‘तुले’, ‘काहून’ ही सारी पोरं घराबाहेर खेळायला पाठवली, आणि संध्याकाळी त्यांना हाक मारायची राहून गेली. तिला आवाजाचा कान होता. महिन्याभरात ती अशी बोलू लागली, की लोक विचारत, सदाशिव पेठेतली का गं तू? त्याच कानाच्या जोरावर ती वाचोपचार शिकली, त्याच कानानं कॉर्कला पदव्युत्तर शिक्षण घेताना इंग्रजीला आयरिश वळण दिलं. इथल्या म्हाताऱ्या तिला म्हणत, अगं, तू तर इथलीच वाटतेस. तिनं कुणाचं काही चोरलं नव्हतं. एकावर एक शाल पांघरत गेली होती. आत अंग आहे, ऊब आहे, हे तिनं गृहीत धरलं होतं. आज पहिल्यांदा तिला वाटलं, आत हात घालून बघावा.

शैलेंद्र, तिचा नवरा, स्वयंपाकघरात लॅपटॉप मिटून बटाटे सोलत होता. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि मग अस्सल पुणेकराच्या शांतपणानं म्हणाला, ‘म्हणजे तीन महिने तू दुसऱ्याच माणसावर उपचार करत होतीस.’

‘हो.’

‘आणि तो माणूस वारलेला आहे.’

‘केव्हाच.’

‘आणि तरी गुण येत होता. वृंदाबाई, धन्य आहे तुमची.’ मग तिचा चेहरा पाहून त्यानं सुरी खाली ठेवली. ‘अगं, सुधारेल. ग्रँड होईल. प्रेसमधून जिरं दे बरं.’

तिनं प्रेसमधून, म्हणजे इथल्या बोलीतल्या कपाटातून, जिरं दिलं आणि आईला फोन लावला. दारव्ह्यात बरीच रात्र झाली होती. तिकडे दुसरी लाट चढती होती. आईची एक लस झाली होती, भाऊ प्रल्हाद तिला फाटकाबाहेर पाऊल टाकू देत नव्हता, आणि आई अंबाडीची पानं खुडत बसली होती. खुडता खुडता तिचं गुणगुणणं चालूच होतं. फोन उचलला तरी ओळ पुरी केल्याशिवाय ती ‘हॅलो’ म्हणत नसे.

माहेराचं बोलणं बाई, ओल्या मातीमधलं बी
सासरच्या वाफ्यामंधी, उगवन कधीमधी

‘जेवली का वं?’ आईनं विचारलं. इतकी वर्षं हा प्रश्न असाच येई आणि वृंदाचं उत्तर पुणेरी इस्त्री करून जाई. नाही अजून, तू जेवलीस का? आई कधी काही बोलली नव्हती. कदाचित तिला अभिमानही असेल. आज वृंदानं तोंड उघडलं आणि म्हणाली, ‘नाही वं माय. तू काहून बसली इतक्या उशिरा भाजी खुडत?’ पलीकडे पानं खुडायचा आवाज थांबला. मग आई हलक्या, सावध आवाजात म्हणाली, ‘तब्येत बरी हाय ना वं तुही? ताप गिप तं नाही? खरं सांग मले. जावई हायेत का घरी? दे त्यायले फोन.’ वृंदा हसू लागली आणि हसता हसता तिला थांबता येईना. आईची आणखीच खात्री पटली. शेवटी शैलेंद्रला ओल्या हातानं फोन घेऊन शपथेवर सांगावं लागलं, की तापबीप काही नाही, वास येतोय, चव लागतेय. तरी आईनं सुंठेचा काढा घ्यायला लावला.

पुढच्या आठवड्यात इनेस घरी होती. तिनं मुद्दाम पाळी बदलून घेतली होती. पन्नाशीची, आखूड केसांची, बापासारखीच काटकुळी. तिला वृंदाशी बोलायचं होतं. बापाच्या गावाहून फोन आला होता. गावच्या चौकात उन्हाळ्यात पडदा लावून सेबीचे सिनेमे दाखवणार होते, मोकळ्या हवेत, खुर्च्या लांब लांब ठेवून. आधी त्याचे दोन शब्द हवे होते, मोबाइलवर घेतलेले चालतील. मेच्या अखेरीस पाठवायचे. ‘ते सगळे दामियानचा आवाज ऐकायला बसतील,’ इनेस स्वयंपाकघरात हळू म्हणाली. ‘बाबांना तो जमतोय, तुमच्यामुळं. मी जिन्यावरून ऐकलं तेव्हा वाटलं, टीव्ही लागलाय. तो आवाज मला सिनेमातूनच माहीत. घरी त्यांनी तो कधी काढला नाही.’

‘तुमच्याकडे त्यांच्या स्वतःच्या आवाजाचं काही आहे? जुनं काही? फोनवरचा निरोप?’

इनेसनं मान हलवली. ‘यंत्राचा बीप वाजला की ते फोन ठेवून देतात. आयुष्यभर. इतके सिनेमे केले माझ्या बापानं, आणि त्याचा आवाज जगात कुठंही ठेवलेला नाही. मी मेले की तो कसा बोलायचा हे कुणालाच माहीत नसेल.’ हे ती रडत म्हणाली नाही. बरणीचं झाकण घट्ट बसलंय असं सांगावं तसं म्हणाली.

आता काय पणाला लागलंय ते वृंदाला कळलं, आणि कळलं तसं तिचं मन एकदम निवांत झालं. जड वस्तू उचलण्याआधी माणूस होतो तसं. गावासाठी दोन शब्द कुठल्याही आवाजात गेले असते, लोकांनी टाळ्या वाजवल्या असत्या. पण म्हाताऱ्याच्या गळ्यात जो एक बारीक, कोंबडीचोराचा आवाज उरला होता, तो तिनं स्वतः, पदवीच्या जोरावर, तीन महिने दाबून धरला होता. तो आता अशक्त होता. चार शब्दांत थकत होता. आणि मुख्य म्हणजे म्हाताऱ्यालाच तो नको होता. ‘त्या आवाजाला कुणी हसलं नाही, शेरीफ,’ तो म्हणाला. ‘लोक हसले ते दामियानला. मी बोललो तर विचारतील, हा कोण म्हातारा, सेबी कुठाय?’ तो म्हणत होता ते खरंही असू शकत होतं. तिनं एवढंच विचारलं, शूटिंगच्या वेळी, दामियान येण्याआधी, तुम्ही काय बोलत होता? ओठ तर हलत होते.

म्हाताऱ्यानं इनेसकडे पाहिलं आणि इनेस खो खो हसत सुटली. आवाज मागून बसवणार, म्हणून संवाद पाठ करायचे कष्ट तो घेतच नसे. ओठ तेवढे हलवायचे. तो आपल्या आईची शिळ्या पावाच्या चुऱ्याची कृती म्हणे. पाव आदल्या रात्री भिजव, लसूण ठेच, तेल तापू दे, घाई करू नकोस. खुनाच्या प्रसंगात तेच, प्रेमाच्या प्रसंगात तेच, शवपेटीवर डोकं ठेवून रडतानाही तेच. ‘मी लहानपणी ओठ वाचायला शिकले,’ इनेस म्हणाली. ‘थिएटरात सगळ्या बायका रडायच्या आणि मला भूक लागायची.’

तेव्हापासून वृंदानं सगळे व्यायाम बाजूला ठेवले. छातीतून नको, खाली नको. तो फक्त ती कृती म्हणे. पहिल्या दिवशी लसणापर्यंत पोचला आणि दमला. पुढच्या खेपेला तेल तापलं. आवाज नाकात चढे, फाटे, काही शब्दांवर नुसतीच हवा येई. तिचे कान सवयीनं टवकारत, जीभ ‘पुन्हा’ म्हणायला उठे आणि ती तिला खाली बसवी. हे शिकणं तिच्यासाठी नवं होतं. कान असून न दुरुस्त करणं. रोहिणीत कोरडं शेत बघत बसलेल्या माणसासारखी ती बसून राही. कधी म्हातारा थकला, की तो डोळे मिटून घेई, खिडकीतून ओल्या गवताचा वास येई, रस्त्यावरून कुणीतरी कुणालातरी ‘हाउ’र्‍या’ असं इथल्या तऱ्हेनं ‘कसं काय’ विचारत जाई. मग तो आपणहून पुन्हा सुरू करी, दामियानपासून फारकत घेत, एकेक शब्दानं. मध्येच एकदा तो दामियानच्या आवाजात म्हणाला, ‘काय रे, मला काढून टाकलंस?’ आणि स्वतःच्याच बारीक आवाजात उत्तर दिलं, ‘बस रे जरा. खूप बोललास.’ त्या दिवशी वृंदाला वाटलं, होईल. पुढच्या आठवड्यात त्याला खोकला झाला, आवाज पार बसला आणि तिला वाटलं, नाही होणार. करोनाची चाचणी ठीक आली, पण मे सरत चालला होता. गावाहून पुन्हा विचारणा झाली. इनेस म्हणाली, ‘त्यांना हवं तर दामियानमध्येच बोलू दे. मी आग्रह करणार नाही. मला फक्त ऐकायचं होतं.’ वृंदा म्हणाली, ‘तेच ठरवतील.’ आणि तिला मनातून भीती वाटली, की ठरवायची सवयच त्या माणसाला कुणी लावलेली नाही.

चित्रण झालं ते एका दुपारी. ऊन पडलं होतं म्हणून सगळी घाई. इनेसनं मोबाइल पुस्तकांच्या चळतीला टेकवून ठेवला. म्हाताऱ्यानं निळा कोट घातला, केसांना पाणी लावलं, चष्मा डोळ्यांवर नीट केला. कुणाला न विचारता त्यानं खुर्ची खिडकीपासून थोडी हलवली, उजेड गालावर पडेल अशी. वृंदा दाराशी उभी राहिली. कुठल्या आवाजात बोलणार हे तिनं विचारलं नव्हतं, आणि त्यानंही सांगितलं नव्हतं. ‘हं,’ इनेस म्हणाली.

म्हाताऱ्यानं मोबाइलकडे पाहून मान लववली आणि तोंड उघडलं. ओठ हलले. ‘मित्रहो,’ ओठ म्हणाले, ‘माझ्या गावच्या लोकांनो’, असं काहीतरी. आवाज नव्हता. वृंदाला वाटलं, गेला, आजच गेला. ओठ हलतच राहिले, ऐटीत, हातांसकट, जणू मोठं भाषण चाललंय. मग त्याच्या लक्षात आलं. त्यानं डाव्या बाजूला पाहिलं. उजव्या बाजूला पाहिलं. खुर्चीखाली वाकून पाहिलं. घड्याळ पाहिलं, कुणीतरी ठरल्या वेळी यायचं होतं आणि आलं नाही अशा चेहऱ्यानं. पुन्हा ओठ हलवले, जरा ताणून, ढकलून गाडी सुरू होते का बघावं तसे. नाही. इनेसनं तोंडावर हात दाबून धरला होता आणि तिचे खांदे हलत होते. ते कोंबडीचोराचं तोंड, पन्नास वर्षांपूर्वी दाराच्या फटीत अडकलेलं, आता पक्षाघातानं एका बाजूला किंचित कललेलं, आवाजाशिवाय, कुणाच्याही मदतीशिवाय, हसवत होतं. वृंदा हसली आणि तिच्या ढालीवर वाफ धरली.

मग म्हातारा थांबला. किती वेळ थांबायचं हे त्याच्याइतकं त्या खोलीत कुणालाच ठाऊक नव्हतं. तो मोबाइलकडे थोडा वाकला, शेजाऱ्याला कुंपणावरून काही सांगावं तसा, आणि बोलला. बारीक आवाज, नाकातून, डोंगरातला. दामियान यायचा नाही, तो म्हणाला. त्यानं बरीच वर्षं माझं काम केलं, आता त्याला झोपू द्या. हा मी. जेवून घ्या, थंडी वाजली तर अंगावर काही घ्या, आणि हसा. स्पॅनिश वृंदाला कळत नव्हतं, अर्थ इनेसनं मागून सांगितला. पण आवाज तिला शब्दाशब्दानं कळला. कुठं चढला, कुठं श्वास कमी पडला, कुठं शेवट तोंडातच राहिला. शेवटच्या वाक्यात तो फाटला. फाटून नुसती हवा आली, आणि त्या हवेतच वाक्य पुरं झालं.

इनेसनं मोबाइल थांबवला. डोळे पुसले, गळा साफ केला. ‘बाबा, फार छान,’ ती म्हणाली. ‘फक्त शेवटचं ऐकू आलं नाही. एकदा पुन्हा घेऊ या का? शेवटचं तेवढं?’

म्हातारा दाराकडे, वृंदाकडे पाहत होता. आयुष्यभर प्रत्येक प्रसंगानंतर कॅमेऱ्यामागं उभ्या असलेल्या माणसाकडे पाहत आला असेल तसा. ठीक झालं की पुन्हा. खोलीत ऊन होतं. तिला ते फाटलेलं वाक्य अजून ऐकू येत होतं, आणि ते शिवायची सगळी सुई-दोऱ्याची विद्या तिच्या हाताशी होती.

‘राहू द्या ना बाप्पा,’ ती म्हणाली. ‘लय मस्त झालं.’

आपण कुठल्या भाषेत बोललो हे तिला इनेसच्या चेहऱ्यावरून कळलं. पण इंग्रजीत पुन्हा सांगायची वेळ आली नाही. म्हाताऱ्यानं तोवर चष्मा काढून कोटाच्या खिशात ठेवला होता, आणि खुर्ची उचलून खिडकीशी पहिल्या जागी परत नेऊन ठेवत होता.